सोलापुरात बँडचा पहिला स्वतःचा शो: क्रम चुकवू नका

सोलापुरातल्या नव्या रॉक बँडचे शो साधारण एकाच पद्धतीने फसतात. आधी पोस्टर पडतं, मग हॉल शोधला जातो, शोच्या आठवडाभर आधी साऊंडवाल्याला फोन जातो आणि गाणी बसवायचं काम शेवटच्या चार रात्रींत उरकलं जातं. हा क्रम नेमका उलटा करायचा आहे: आधी गाणी, मग वाद्यांची यादी, मग तारीख, हॉल, साऊंड, परवानगी, आणि पोस्टर सगळ्यात शेवटी.

खालचे टप्पे चार-पाच जणांच्या बँडसाठी आहेत. ड्रम्स, बास, दोन गिटार, एक मुख्य गायक आणि मागून साथ देणारा एखादा आवाज. बहुतेक गाणी स्वतःची, प्रेक्षक शंभर-दीडशे, शो तिकिटाचा आणि हॉल बंदिस्त. उघड्यावरच्या शोचं गणित वेगळं असतं. पहिल्याच वेळी त्या भानगडीत पडू नका.

१. सेट बसवा

सेट म्हणजे स्टेजवर सलग वाजवायची गाणी. पहिल्या शोला सात गाणी पुरतात. बोलणं आणि ट्यूनिंग धरून त्यांची पस्तीस-चाळीस मिनिटं होतात. दीड तास भरायचा म्हणून बारा गाण्यांचा घाट घालू नका. उरलेल्या वेळेला दुसरा बँड किंवा एकट्याने गिटारवर गाणारा कुणी बोलवा. त्याचे मित्र तिकीट काढून येतात, हा फायदा वेगळाच.

तालमीची जागा हा इथला खरा प्रश्न. गच्चीवर ड्रम्स लावले की दोन-तीन दिवसांत शेजारचे काका जिना चढून येतातच. पूर्व भागात किंवा अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत ओळखीच्या कुणाचं कारखान्यालगतचं गोदाम मिळतंय का बघा. यंत्रमागांच्या खडखडाटात तुमच्या ड्रम्सची तक्रार कोण करणार? पत्र्याच्या शेडमध्ये आवाज फार घुमतो, तेव्हा भिंतींपासून थोडं अंतर सोडून जाड चादरी टांगा. चादरींचा तुटवडा या गावात तरी पडू नये. त्यांनी बाहेर जाणारा आवाज अडत नाही, आतला घुमारा तेवढा कमी होतो.

वेळापत्रक ठरवताना प्रत्येकाच्या घरी पाणी कोणत्या दिवशी येतं ते विचारून घ्या. नळाला काही दिवसांआड पाणी येणाऱ्या गावात ‘आज आमच्याकडं पाणी आहे लगा’ हे कारण कुणालाच खोडून काढता येत नाही.

आधी गाण्यांचे अवघड तुकडे वेगळे बसवा, मग अख्खी गाणी, मग सेट सलग. शेवटच्या दोन आठवड्यांत फक्त सलग सेट. तार तुटली, गायक शब्द विसरला, तरी थांबायचं नाही. फोन कोपऱ्यात ठेवून प्रत्येक तालीम रेकॉर्ड करा आणि दुसऱ्या दिवशी गाण्यांपेक्षा गाण्यांच्या मधल्या जागा ऐका. तिथे मिनिटभर नुसती कुजबुज आणि गिटारचं टुंगटुंग ऐकू येत असेल, तर शोमध्येही तेच होणार. कोणत्या गाण्यानंतर कोण बोलणार, तेव्हा कोण ट्यून करणार, हे कागदावर लिहा. दोन्ही गिटारवाल्यांकडे आवाज बंद ठेवून ट्यून करता येईल असा ट्यूनर पेडल हवाच.

सावधान: छोट्या काँक्रीटच्या खोलीत ड्रम्सचा आवाज १०० डेसिबलच्या घरात सहज जातो. एवढ्या आवाजात कानांना सुरक्षित मानलेली वेळ जेमतेम १५ मिनिटांची आहे. इअरप्लग घाला. तालमीनंतर कानात शिट्टी वाजत राहिली तर आवाज जास्त होता.

तपासणी: सेट लागोपाठ तीन तालमींत न थांबता पार पडला का? नसेल तर पुढच्या टप्प्याकडे जाऊ नका.

२. इनपुट यादी आणि स्टेजचा नकाशा

हे दोन कागद नसल्यामुळे जेवढी भांडणं होतात तेवढी दुसऱ्या कशामुळे होत नाहीत. इनपुट यादी म्हणजे मिक्सरवर कोणत्या चॅनेलला काय येणार याची क्रमवार यादी. तुमच्यासारख्या बँडची साधारण अशी असेल:

१. किक ड्रम (पायाने वाजवायचा मोठा ड्रम): माईक, छोटा स्टँड
२. स्नेअर (समोरचा कडक आवाजाचा ड्रम): माईक, छोटा स्टँड
३. ड्रम्सच्या वर एक माईक: उंच बूम स्टँड (आडव्या दांडीचा)
४. बास: डीआय बॉक्स (वाद्याचा सिग्नल मिक्सरला जुळवून देणारी छोटी पेटी)
५. गिटार एक: अँपसमोर (गिटारच्या अँप्लिफायरसमोर) माईक
६. गिटार दोन: अँपसमोर माईक
७. मुख्य गायक: माईक, बूम स्टँड
८. साथीचा आवाज: माईक, बूम स्टँड

अँपऐवजी मल्टी-इफेक्ट पेडलमधून थेट जाणारा गिटारवादक असेल तर त्याच्यासमोर माईकऐवजी डीआय बॉक्स लिहा. लांब वायरवर गिटारचा साधा जॅक थेट मिक्सरला नेला की घरघर येते आणि आवाजातली धारही जाते. हे टाळण्यासाठीच डीआय.

दुसऱ्या कागदावर स्टेज वरून कसं दिसेल ते काढा. कोण कुठे उभं राहणार, ड्रम्स कुठे, अँप कुठे, मॉनिटर (वाजवणाऱ्याला स्वतःचं ऐकू यावं म्हणून त्याच्याकडे तोंड करून ठेवलेला स्पीकर) किती आणि कुणासमोर, विजेचा पॉइंट कुठे कुठे लागणार. हाताने काढलेलं चालतं. फोटो काढून ठेवा, पुढे चार जणांना पाठवायचा आहे.

३. तारीख

तारीख ठरवताना सोलापूरचं कॅलेंडर समोर ठेवा. जानेवारीत संक्रांतीच्या आगेमागे सिद्धेश्वरांची यात्रा, म्हणजे गड्डा असतो. तेव्हा रस्ते, पोलीस आणि लोक तिघेही गड्ड्याचे. १९ फेब्रुवारी आणि १४ एप्रिलच्या मिरवणुकांच्या आसपास साऊंडची गाडी मिळणार नाही. गणेशोत्सवात तर विचारूच नका. आषाढीला बंदोबस्त पंढरपूरकडे वळतो, त्या आठवड्यात ठाण्यात अर्ज घेऊन गेलात तर ताटकळावं लागेल. नवरात्रापासून कोजागरीपर्यंत तुळजापूरला चालत जाणाऱ्यांची गर्दी असते, आणि त्यात तुमचा बासवालाही असू शकतो. लग्नसराईतल्या मोठ्या मुहूर्ताच्या तारखाही सोडा.

एप्रिल-मेमध्ये पारा चाळीसच्या वर असतो. वातानुकूलित हॉल नसेल तर तेव्हा शो लावू नका. दिवाळीनंतरचा नोव्हेंबर, डिसेंबरचा पूर्वार्ध आणि जानेवारीचा शेवट हे माझ्या मते सगळ्यात सोयीचे दिवस. कॉलेजच्या परीक्षा कधी आहेत ते तेवढं बघा, तुमचा निम्मा प्रेक्षक तिथलाच आहे.

पुण्याहून बँड बोलावणार असाल तर लक्षात ठेवा: पुण्याहून संध्याकाळी सुटणारी हुतात्मा एक्स्प्रेस इथे रात्री पोहोचते. म्हणजे तिने यायचं तर आदल्या दिवशी, आणि एका रात्रीच्या मुक्कामाची सोय तुमच्याकडे. ड्रम्सचा अख्खा सेट त्यांना आणायला लावू नका. स्नेअर, झांजा आणि किकचा पेडल त्यांनी आणावा, बाकीचा सेट तुमचा. हे आधी फोनवर स्पष्ट बोला.

४. हॉल

हुतात्मा स्मृती मंदिरात शो करायचं स्वप्न असू द्या, पण पहिल्या शोला नको. मोठ्या नाट्यगृहात शंभर माणसं हरवून जातात, आणि रिकाम्या खुर्च्यांचे फोटो पुढे तुमच्याच विरोधात जातात. दीडशे-दोनशे खुर्च्यांचा हॉल, एखाद्या कॉलेजचं छोटं सभागृह किंवा मागच्या बाजूला मोकळी जागा असलेलं कॅफे बघा.

हॉल बघायला दुपारी जा, ड्रमरला आणि एका स्नेअरला बरोबर न्या. मधोमध उभं राहून जोरात एक टाळी वाजवा. आवाज ताबडतोब विरला तर उत्तम. भिंतींवरून तडतडत परत आला तर त्या हॉलमध्ये शब्द ऐकू येणार नाहीत, मग साऊंड कितीही भारी लावा. फरशी, काच आणि पत्रा तिन्ही असलेला हॉल सोडून द्या. पडदे, गालिचे, गादीच्या खुर्च्या असतील तर भाडं थोडं जास्त गेलं तरी घ्या.

मालकाला विचारायचे प्रश्न:
– साऊंड बाहेरून आणता येईल का, की हॉलचाच घ्यावा लागेल?
– दुपारी किती वाजता ताबा मिळेल? संध्याकाळी सातच्या शोसाठी दुपारी दोन हवेत. ‘पाचला या’ म्हणत असतील तर अर्ध्या दिवसाचं भाडं वाढवून द्या, पण ताबा दोनलाच घ्या.
– वीज सिंगल फेज आहे की थ्री फेज? अर्थिंग आहे का? वीज गेली तर जनरेटरवर स्टेजचे पॉइंट चालतात, की नुसते दिवे आणि पंखे?
– रात्री किती वाजता रिकामं करायचं?

सावधान: तोंडी बुकिंगवर विसंबू नका. अनामत भरा आणि तारीख, ताब्याची वेळ लिहिलेली पावती घ्या. ऐन वेळी लग्न आलं की तोंडी तारीख हलते.

५. साऊंडवाला

इथे सगळ्यात जास्त वेळ घालवा. आपल्याकडे साऊंडवाले चांगले आहेत, सामान तगडं आहे, पण त्यांचा रोजचा धंदा मिरवणुकीचा डीजे, लग्नातला ऑर्केस्ट्रा आणि सभा-संमेलनं हा आहे. तुमची गरज यातल्या कशातच बसत नाही, आणि ती सांगितल्याशिवाय त्यांना कळणार कशी? ‘बँडचा कार्यक्रम आहे’ म्हटलं की समोरचा ब्रास बँड किंवा बेंजो पार्टी समजतो. ‘रॉक’ म्हटलं की टॉप-बेस स्पीकरच्या दोन भिंती घेऊन येतो. दीडशे माणसांच्या हॉलमध्ये त्या भिंती म्हणजे पैसे देऊन विकत घेतलेली शिट्टी, म्हणजे स्पीकरचा आवाज परत माईकमध्ये शिरून उठणारी किंचाळी.

फोनवर ठरवू नका. इनपुट यादी घेऊन दुकानात जा, चहा घ्या आणि सरळ सांगा: ‘मालक, खरा ड्रमसेट आहे, ऑक्टोपॅड नाही. गिटारचे अँप आमचे आहेत. आवाज कमी चालेल, पण शब्द कळले पाहिजेत आणि आम्हाला आमचं ऐकू आलं पाहिजे.’ मग पुढच्या गोष्टी तपासा.

मिक्सरचे माईक चॅनेल. ‘बारा चॅनेलचा आहे’ याचा अर्थ बारा माईक लागतात असा होत नाही. अशा अनेक मिक्सरवर खरे माईकचे चॅनेल चार किंवा सहाच असतात, बाकीचे कीबोर्ड-लॅपटॉपसाठी स्टिरिओ. तुम्हाला किमान आठ हवेत आणि दुसऱ्या बँडसाठी दोन राखीव. मिक्सर डोळ्यांनी बघून एक्सएलआरची, म्हणजे माईकच्या तीन पिनांच्या वायरची भोकं मोजा.

मॉनिटर. गायकासमोर एक, ड्रमरजवळ एक, हे कमीत कमी. मॉनिटर कोणत्या ऑक्सवरून (मिक्सरवरून आवाज वेगळा काढून देणाऱ्या वाटेवरून) जातो ते विचारा. तो प्री-फेडर, म्हणजे हॉलचा आवाज कमी-जास्त करणाऱ्या फेडरच्या आधी निघणारा असायला हवा. पोस्ट-फेडर असेल तर ऑपरेटरने हॉलमध्ये तुमचा आवाज वाढवला की मॉनिटरमध्येही वाढतो आणि तिथून शिट्टी सुरू होते. ही जोडणी चुकल्यामुळे बिघडलेले शो मी बरेच पाहिले आहेत.

स्टँड आणि डीआय. बूम स्टँड मोजून मागा. सभेचे सरळ स्टँड ड्रम्सला आणि गिटार वाजवत गाणाऱ्याला उपयोगाचे नाहीत. डीआय बॉक्स नसेल तर बँडनेच एक विकत घ्या. साधा पॅसिव्ह महाग नसतो आणि वर्षानुवर्षं टिकतो.

ऑपरेटर. दाखवायला मालक आणि शोला भलताच पोरगा, हे नेहमीचं. बोर्डावर, म्हणजे मिक्सरवर, कोण बसणार हे नावानिशी ठरवा आणि त्याला एका तालमीला बोलवा. आला नाही तर तालमीचं रेकॉर्डिंग पाठवा. एको हा वेगळा विषय. ऑर्केस्ट्राच्या सवयीने गायकाच्या आवाजावर भरपूर एको पडतो. गोडीत सांगा: ‘अण्णा, गाण्यात थोडा चालेल, पण बोलताना बंद.’

तपासणी: यादीची प्रत साऊंडवाल्याकडे गेली का? त्याने प्रत्येक ओळीसमोर ‘आहे’ म्हटलं का? नसलेली वस्तू कोण आणणार, हे लिहिलं का?

६. परवानग्या

ध्वनिप्रदूषण (नियमन व नियंत्रण) नियम, २००० प्रमाणे लाऊडस्पीकर लावायला लेखी परवानगी लागते आणि रात्री १० ते सकाळी ६ बंदी असते. बंदिस्त सभागृहांना वेळेत सवलत आहे, पण तिच्या भरवशावर राहू नका. निवासी भागातली मर्यादा दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल आहे, आणि हॉलच्या उघड्या खिडकीतून जाणारा किक ड्रम ती सहज ओलांडतो. शो साडेनऊला संपेल असाच आखा.

हॉल ज्या पोलीस ठाण्याच्या हद्दीत येतो तिथे किमान पंधरा दिवस आधी अर्ज घेऊन जा. अर्जात तारीख, वेळ, ठिकाण, अपेक्षित प्रेक्षक, जबाबदार व्यक्तीचा फोन लिहा आणि हॉलची पावती जोडा. आणखी कुठला ना-हरकत दाखला लागतो आणि ती जागा शांतता क्षेत्रात येते का, हे त्याच खेपेला विचारा. बरोबर एखादा मोठा माणूस असला की काम लवकर होतं, हे कुणी लिहीत नाही, पण खरं आहे. अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या.

दुसऱ्यांची गाणी वाजवणार असाल तर जाहीर सादरीकरणाचा परवाना लागतो. गीतकार-संगीतकारांच्या वतीने तो इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी देते. एका कव्हरसाठी हा खर्च आणि धावपळ परवडत नाही. सगळी गाणी स्वतःची ठेवलीत तर हा विषयच मिटतो.

७. हिशोब, तिकीट, पोस्टर

हॉल, साऊंड, प्रवास, जेवण, छपाई यांची बेरीज करा. समजा ती २४,००० आली आणि तिकीट २०० ठेवलं, तर १२० तिकिटं गेल्यावर खर्च निघतो. हॉल दीडशेचा असेल तर पास वाटायला जागा किती उरली ते दिसतंच आहे. सोलापुरात ओळख निघाली की पास मागितला जातो. कुणाला किती पास द्यायचे ते आधीच ठरवा आणि बाकीच्यांना हसून क्यूआर कोड दाखवा. संगीताच्या कार्यक्रमाचं तिकीट माणशी ५०० रुपयांपर्यंत असेल तर त्यावर जीएसटी लागत नाही.

पैसे एकाच्याच खात्यात घ्या, रोज वहीत नाव आणि रक्कम उतरवा, आणि शोच्या दिवशी दारावर ती यादी छापील ठेवा. हॉलमध्ये रेंज नसते.

पोस्टर आता. तारीख, वेळ, ठिकाण, तिकीट, फोन. बँडचं नाव मोबाईलवर वाचता आलं पाहिजे. ते काटेरी झुडपासारखं अक्षर टी-शर्टसाठी ठेवा.

८. शोचा दिवस: मांडणी आणि वीज

नव्या तारा दोन दिवस आधी लावा, त्याच दिवशी लावल्या तर शोभर उतरत राहतील. गिटार उन्हात गाडीत ठेवू नका. पिशवीत जादा तारा, ९ व्होल्टच्या बॅटऱ्या, दोन जॅक, काठ्यांची जोडी, काळी टेप, मार्कर आणि स्वतःचे दोन एक्स्टेन्शन बोर्ड.

आधी वीज. १५ अँपिअरच्या एका पॉइंटवर साधारण ३,४०० वॉटपर्यंत भार चालतो. साऊंड आणि गिटारचे अँप एका फेजवर, लाईट आणि पंखे दुसऱ्यावर. डिमरचे लाईट साऊंडच्या लाइनवर असले की स्पीकरमध्ये भुणभुण येते आणि मग सगळे उगाच गिटारचे जॅक बदलत बसतात.

सावधान: भुणभुण घालवायला प्लगची अर्थिंगची पिन कधीही काढू नका. ओठ माईकला आणि हात तारांवर असतो. अर्थिंग नसेल तर झटका तिथूनच बसतो. अर्थिंग शाबूत आहे हे वायरमनकडून तपासून घेतल्याशिवाय गिटार जोडू नका.

मग ड्रम्स. खाली सतरंजी, नाहीतर फरशीवर किक पुढे सरकत जाते. किकच्या आत एक चादर घडी करून ठेवली की घुमारा जातो आणि ठोका नेमका येतो. स्नेअर फार कडक वाजत असेल तर कडेला छोटा टॉवेल. दोन्ही वस्तू गावच्याच आहेत.

मुख्य स्पीकर गायकाच्या माईकच्या रेषेपुढे, प्रेक्षकांच्या बाजूला. मॉनिटर माईकच्या पाठीकडून यायला हवा, कारण साधा कार्डिऑइड माईक मागून सगळ्यात कमी ऐकतो. गिटारचे अँप खुर्चीवर ठेवा किंवा तिरपे करा, म्हणजे आवाज वाजवणाऱ्याच्या कानाला लागेल. जमिनीवर ठेवलेला अँप त्याच्या पोटरीला ऐकू येतो आणि पहिल्या रांगेला सोलून काढतो.

९. साऊंडचेक

आधी लाइन चेक: यादीच्या क्रमाने प्रत्येक माईक टिचकी मारून बोर्डापर्यंत पोहोचतो का बघा. बाकीच्यांनी गप्प बसायचं. ड्रमर एकटा आपली करामत दाखवत बसला तर अर्धा तास जातो.

मोठ्या स्टेजवर किकपासून सुरुवात करतात. छोट्या हॉलमध्ये मी उलट सांगेन: आधी गायक. शिट्टी न येता त्याचा आवाज कुठपर्यंत जातो ते बघा आणि ती मर्यादा माना. मग ड्रम्स माईकशिवाय वाजवा. गायक त्यांच्यावर ऐकू येतोय का? नसेल तर ड्रमरने हात हलका करायचा किंवा जाड काठ्या सोडून पातळ घ्यायच्या. त्यानंतर बास, मग गिटार, प्रत्येक वेळी गायकाच्या आवाजाखाली. किकला बहुधा थोडा माईक लागतो, स्नेअरला बऱ्याचदा काहीच नाही; चॅनेल बंद ठेवायला लाजू नका.

आता सगळ्यात दणकट गाणं अर्धं आणि सगळ्यात शांत गाणं अर्धं वाजवा. बँडमधल्या एकाला लांब जॅक लावून किंवा वाजवणं सोडून हॉलच्या शेवटच्या रांगेत जाऊन ऐकू द्या. शब्द कळतात का, एवढाच प्रश्न. गर्दी भरल्यावर घुमारा थोडा कमी होतो, हे धरून चाला.

मॉनिटरमध्ये ‘मला माझं वाढव’ प्रत्येकाने म्हटलं की चक्र संपत नाही. आधी ‘दुसऱ्याचं कमी कर’ मागा.

तपासणी: साऊंडचेकनंतर अँपच्या खटक्यांवर टेप लावा आणि बोर्डाचा फोटो काढा. दुसरा बँड वाजवून गेल्यावर याच फोटोवरून परत जुळवायचं आहे.

१०. प्रत्यक्ष शो

दिलेल्या वेळेनंतर पंधरा मिनिटांत सुरू करा. ‘लोक येऊ द्या’ म्हणून तासभर थांबलात तर आलेले लोक चिडतात आणि शेवटचं गाणं साडेनऊच्या पलीकडे जातं. गाण्यांची यादी मोठ्या अक्षरात प्रत्येकाच्या पायाशी चिकटवा. शिट्टी आली तर गायकाने माईकची जाळी मुठीत धरायची नाही. त्याने ती वाढते. माईक तोंडाशी आणा, मॉनिटरपासून दूर व्हा.

रेकॉर्डिंग बोर्डावरून घेणार असाल तर त्यासोबत हॉलच्या मध्यावर एक फोन किंवा रेकॉर्डरही ठेवा. छोट्या हॉलमध्ये ड्रम्स बोर्डातून फारसे जात नाहीत, त्यामुळे नुसत्या बोर्डाच्या रेकॉर्डिंगमध्ये गायक ओरडतो आणि मागे ड्रम्स सापडत नाहीत. दोन्ही फाइली नंतर जुळवून घ्या. सुरुवातीला माईकजवळ एक टाळी वाजवली की जुळवणं सोपं जातं.

११. आवराआवर

झांजा आणि गिटार आधी पिशवीत, मग लोकांना भेटा. साऊंडवाल्याचे उरलेले पैसे त्याच रात्री द्या. पुढच्या शोला तोच माणूस मिक्सर घेऊन वेळेवर येईल. ऑपरेटरला वेगळं काही दिलंत तर ते सगळ्यांसमोर नको. हॉलच्या शिपायाबरोबर एक फेरी मारून खुर्च्या, पॉइंट, काचा दाखवा आणि अनामत परत कधी मिळणार ते विचारून घ्या.

दुसऱ्या दिवशी एका पानावर लिहून ठेवा: कोणत्या पॉइंटवर फेज पडली, कोणता चॅनेल वापरलाच नाही, किती तिकिटं दारावर गेली, सेट प्रत्यक्षात किती मिनिटं चालला. ते पान इनपुट यादीच्या मागेच स्टेपल करा आणि हॉलमध्ये विसरलेले एक्स्टेन्शन बोर्ड आणायला कुणाला तरी पाठवा.